ठाण्यातला तिबेटी स्वेटर सेल: माल लुधियानाचा, बाई गोंदियाच्या

ठाण्यात स्वेटर कशाला लागतो असं मीही आजवर म्हणत आले. आपल्याकडे थंडी म्हणजे पंखा पाचवरून दोनवर आणि सकाळी दूधवाल्याच्या डोक्यात कानटोपी, झाली थंडी. पण यंदा डिसेंबरअखेर काश्मीर ठरलं, टूरवाल्यांनी व्हॉट्सॲपवर हातभर यादी पाठवली, थर्मल दोन जोड, जाड जॅकेट, लोकरी टोपी, हातमोजे, आणि सोबत आमच्या सासूबाई, ज्या माथेरानलाही शाल गुंडाळून बसतात. मॉलमध्ये एका जॅकेटला साडेचार हजार बघितले आणि तशीच सरकत्या जिन्याने खाली आले. आठ दिवस घालणार आणि मग माळ्यावर. तर शेजारच्या काकू म्हणाल्या, अगं तलावपाळीच्या बाजूला तो नेपाळ्यांचा सेल लागतो ना दरवर्षी, तिकडे जा की.

पहिली गोष्ट म्हणजे ते नेपाळी नाहीत. तिबेटी आहेत. मीसुद्धा इतकी वर्षं नेपाळीच म्हणत होते, त्यामुळे काकूंना हसायचा मला काही अधिकार नाही.

जागा म्हणजे भाड्याने घेतलेला एक हॉल, तलावपाळीपासून चालत सात-आठ मिनिटं. आत दहाबारा स्टॉल, डोक्यावर ट्यूबलाइट, टेबलफॅन गरगरतायत (स्वेटरच्या सेलमध्ये टेबलफॅन, हे फक्त ठाण्यातच), आणि नवीन कपड्यांचा तो प्लास्टिकच्या पिशवीतून निघाल्यासारखा वास. ट्रायल रूम नाही. आरसा अख्ख्या हॉलमध्ये एकच, खांबाला सुतळीने बांधलेला, आणि तोही जरासा तिरका, त्यामुळे सगळेच बारीक दिसतात. हा आरसा मॉलवाल्यांनीही ठेवावा.

आम्ही गेलो तो बुधवार होता. उजवीकडच्या चौथ्या स्टॉलवर पन्नाशीच्या एक बाई, पायघोळ गडद झगा, कमरेला पुढे रंगीत पट्ट्यापट्ट्यांचं विणलेलं कापड बांधलेलं. बाकी दिवशी त्या आपल्यासारख्याच पंजाबी ड्रेसमध्ये असतात हे नंतर कळलं, बुधवारी मुद्दाम आपला पोशाख घालतात, कारण बुधवार हा दलाई लामांचा वार. मला आपला गुरुवार आणि गजानन महाराज आठवले. त्या झग्याला छुपा म्हणतात आणि ते पट्ट्यांचं कापड म्हणजे पांगदेन, लग्न झालेल्या बायका बांधतात. सासूबाईंनी लगेच ते बोटांनी चाचपून बघितलं, त्यांना कापड दिसलं की राहवत नाही.

मी आपलं हिंदीत सुरू केलं, दीदी ये कार्डिगन कितने का. तर बाई म्हणतात, "साडेअकराशे. मराठीत बोला ना जी, मले मराठी येते."

मी गारच. सासूबाई मात्र एकदम खूश, म्हणाल्या, अगंबाई, कुठल्या तुम्ही? तर म्हणे गोंदिया. अर्जुनी-मोरगाव तालुका, गोठणगावजवळ. तिथे तिबेटी लोकांची एक अख्खी वसाहत आहे, नोर्ग्येलिंग नावाची, १९७२ सालची, तेव्हा तो भंडारा जिल्हा होता, गोंदिया वेगळा झाला १९९९ ला. महाराष्ट्रात जन्म काढला आणि मला हे माहीत नव्हतं. या बाई त्याच वसाहतीत जन्मल्या. "मी तिथंच पैदा झाली, नवेगाव बांधच्या जंगलाजवळ, तिबेट तं मी पाहिलाच नाही." बोलताना 'मी सांगतो ना तुमाले' असं, विदर्भातल्या बायका बोलतात तस्सं. मला आधी वाटलं मराठी कच्चं आहे म्हणून चुकतायत, मग लक्षात आलं की नागपूरची माझी मैत्रीणही असंच 'येतो मी' म्हणते, आणि तिला कोणी शिकवायला जात नाही.

म्हणजे बघा, जगातल्या सगळ्यात उंच, गार मुलखातली माणसं पंचेचाळीस डिग्रीच्या विदर्भात जाऊन राहिली, धानाची शेती शिकली, आणि पावसाळ्याची शेती आटपली की दमट ठाण्यात येऊन स्वेटर विकतात. मी हे बोलूनही दाखवलं. त्या हसल्या, म्हणाल्या आमच्या आईला पहिल्या उन्हाळ्यात वाटलं आपण वाचत नाही.

आता मालाबद्दल. मी विचारलं प्युअर वूल आहे ना हे. मॉलमधली पोरं मान हलवून हो म्हणतात, या बाईंनी काय केलं, कार्डिगन उलटं केलं, आतल्या शिवणीतून एक बोटभर धागा ओढला, दुसऱ्या एका राखाडी स्वेटरमधून तसाच एक, स्टीलची ताटली घेतली आणि माचीस लावली. पहिला धागा पेटला आणि आकसत गेला आणि टोकाला काळा कडक मणी झाला, जरा थंड झाल्यावर मला बोटाने दाबायला सांगितला, टणक. दुसरा धड पेटेचना, नुसता धुमसला, केस जळल्याचा घाणेरडा वास आला आणि बोट लावल्यावर भुगा. "हे मणी झालं ते ॲक्रिलिक. ज्याचा भुगा झाला ते लोकर. तुमचं साडेअकराशेवालं ॲक्रिलिक हाय, गरम होते, धुवायला सोपं, पण गोळे येतीन. लोकरीचं चोवीसशे." स्वतःच्या मालाबद्दल गोळे येतील असं आधी सांगणारा दुकानदार मी आयुष्यात पहिल्यांदा बघितला. सासूबाईंना ॲक्रिलिकचं घेतलं, लोकर त्यांना टोचते.

भाव फिक्स आहेत. बोर्डवर लिहिलंय, तरीही सासूबाईंनी प्रयत्न केला, त्या बोर्डबिर्ड मानत नाहीत. बाराशेचं नऊशेला द्या वगैरे. बाई शांतपणे नाही म्हणाल्या, परत हसून नाही म्हणाल्या, तिसऱ्यांदा लहान मुलाची टोपी पिशवीत टाकली आणि म्हणाल्या ही घ्या, भाव नका करू. कारण नंतर कळलं. माल सगळा लुधियानाहून येतो, तिथल्या होलसेलवाल्यांकडून, त्यांना हे लोक लाला म्हणतात, आणि बराचसा उधारीवर. ऑक्टोबरमध्ये माल उचलायचा, भारतभर ज्याच्या त्याच्या ठरलेल्या शहरात विकायचा, सीझन संपला की जाऊन हिशोब चुकता करायचा. बाईंच्या सासऱ्यांनी ज्या लालाकडून माल घ्यायला सुरुवात केली त्याच्याच मुलाकडून या आज घेतात. मी विचारलं कागदपत्रं काय करता, तर त्यांना प्रश्नच कळला नाही. आमच्या सोसायटीत चारशे रुपयाच्या मेंटेनन्सवरून तीन नोटिसा येतात. आणि ज्या वर्षी थंडी पडत नाही त्या वर्षी? "तं बसायचं. पण तुमच्या ठाण्यात थंडीवर नाही जी, टूरवर धंदा चालते. काश्मीर, मनाली, वैष्णोदेवी." म्हणजे आमच्यासारख्यांवर.

स्टॉलच्या मागच्या फळीवर सगळ्यात वर दलाई लामांचा फोटो, त्यावर पांढरं रेशमी वस्त्र, आणि फोटोसमोर सात छोट्या वाट्या ओळीत, पाण्याने काठोकाठ भरलेल्या. माझ्या लेकाने, वय वर्षे सात, तहान लागली म्हणून स्टुलावर चढून त्यातली एक उचलली. माझा जीव वर आला. बाई म्हणाल्या, "ठेव रे बाप्पा, ते देवाचं पाणी आहे," आणि स्वतःची बाटली दिली, आणि मग वाटी परत जागेवर ठेवताना जे केलं ते मी बघत राहिले. दोन वाट्यांच्या मधे अंतर किती हवं तर जवाच्या एका दाण्याएवढं, ना चिकटलेली ना लांब, त्या मान तिरकी करून ते बरोबर जुळवत होत्या, मागे तीन गिऱ्हाईकं साइज विचारत उभी. रोज सकाळी भरायच्या, संध्याकाळी उन्हं जायच्या आत रिकाम्या करून पुसून उपड्या ठेवायच्या. वाट्या कुठून आणल्या विचारलं तर जांभळी नाक्यावरच्या भांड्यांच्या दुकानातून. आपण हळदीकुंकवाला वाटतो त्याच. सासूबाई मला म्हणाल्या, बघ, आपल्याकडे देवाला पाणी ठेवायला तुला वेळ नसतो. चला, तेवढं ऐकायचं राहिलं होतं.

मग या दोघींचं जे सुरू झालं ते मी मधे न पडता ऐकलं. बाईंनी विचारलं तुमचं गाव कोणतं. सासूबाई म्हणाल्या सातारा. साताऱ्यात कुठं? "पाण्याखाली." सासूबाईंचं माहेर कोयनेच्या खोऱ्यातलं, धरण झालं आणि गाव शिवसागरात गेलं, त्या तेव्हा लहान होत्या. हे त्या आम्हाला कधी नीट सांगत नाहीत, विचारलं तर कुकर लावायला उठतात. स्वेटरवाल्या बाईंनी पुढे काही हळहळ वगैरे नाही केली, एकच विचारलं, मग देव कुठं नेला? सासूबाई म्हणाल्या, देव आधी नेला, मग भांडी.

"आमचंबी तसंच," बाई म्हणाल्या.

ते 'तसंच' म्हणजे काय ते मला तेव्हा नाही कळलं, घरी येऊन थोडं वाचलं आणि पुढच्या खेपेला त्यांच्याशी बोलले तेव्हा कळलं. मार्च १९५९ मध्ये ल्हासात चिनी सत्तेविरुद्ध उठाव झाला, दलाई लामा १७ तारखेच्या रात्री निघाले आणि ३१ मार्चला तवांगच्या बाजूने भारतात पोचले, आणि त्यांच्या मागोमाग साधारण ऐंशी हजार माणसं. बाईंची आई तेव्हा बारा-तेरा वर्षांची. इथे आल्यावर पहिलं काम काय मिळालं तर हिमाचलमध्ये रस्त्यावर खडी फोडायचं, लहानमोठे सगळे. मग सरकारने ठिकठिकाणी जमिनी दिल्या, तेव्हाच्या म्हैसूर राज्यात बैलकुप्प्याला साधारण तीन हजार एकर, नंतर हुबळीजवळ मुंडगोडला, ओडिशात, तिकडे छत्तीसगडमध्ये मैनपाटला, आणि आपल्याकडे गोठणगावला. जंगल तोडून शेती केली. आणि ल्हासाजवळचे त्यांचे तीन मोठे मठ, गांदेन, द्रेपुंग, सेरा, पंधराव्या शतकाच्या सुरुवातीचे, ते यांनी इथे नव्याने उभे केले, नावं तीच, गांदेन आणि द्रेपुंग मुंडगोडला, सेरा बैलकुप्प्याला. लोक कूर्गला जाताना वाटेत 'गोल्डन टेम्पल' म्हणून थांबून फोटो काढतात ना, ते बैलकुप्पाच. मीही काढलेत, गॉगल लावून.

आता माझी तक्रार. यांचं कुठेही ऑनलाइन टायमिंग नाही. थर्मल घ्यायचे राहिले होते म्हणून १० डिसेंबरला मी घोडबंदरवरून ऑफिसमधून हाफ डे टाकून निघाले, मेट्रोच्या कामामुळे पाऊण तास ट्रॅफिक, पार्किंग नाही, गाडी पार कुठे लावून धापा टाकत पोचले तर अर्धं शटर खाली. आतून आवाज येतायत पण विक्री बंद, दोन वाजता सुरू होईल. मी वैतागले, चांगलंच वैतागले, बोललेही थोडं, बोर्ड तरी लावा बाहेर. तर एक मुलगा बाहेर आला, मुंडगोडचा, शेजारच्या स्टॉलवरचा, बीकॉम करतो, म्हणाला सॉरी आंटी, आज नोबेल डे आहे. १० डिसेंबर १९८९, दलाई लामांना शांततेचं नोबेल दिलं तो दिवस, जगभरचे तिबेटी पाळतात. आणि मला आतच बोलावलं. सतरंजीवर सगळे बसलेले, वर त्या निळ्या-पांढऱ्या-लाल-हिरव्या-पिवळ्या पताका, आकाश, हवा, आग, पाणी, पृथ्वी असा त्यांचा क्रम असतो. वाटीत गोड भात दिला, बेदाणे घातलेला, आपल्या साखरभाताचा चुलतभाऊ. त्याला द्रेसिल म्हणतात. आणि चहा. लोण्याचा, मिठाचा. याकच्या दुधाचं लोणी ठाण्यात कुठून येणार, तर अमूल बटर. पहिला घोट घेतल्यावर माझा चेहरा बघून सगळे हसले. हा चहा आहे असं समजून प्यायलं तर वाईट लागतं, कढी आहे असं समजून प्यायलं तर बरं लागतं, ही माझी टीप. थर्मल त्यांनी मला दोनच्या आधीच दिले, पण तक्रार तक्रारच, बाहेर बोर्ड हवा.

काश्मीरमध्ये मालाचा निकाल. थर्मल एकदम मस्त, गुलमर्गला बर्फात सासूबाई दोन तास बसल्या आणि मला थंडी वाजत नाही म्हणून उलट तक्रार. कार्डिगनला सहाव्या दिवशी बगलेत गोळे आले, म्हणजे बाई खोटं बोलल्या नव्हत्या. माझं जॅकेट छान, फक्त आतल्या खिशाची शिवण अशी की मोबाइल ठेवला की तो अस्तरात कुठेतरी फिरायला जातो. लेकाच्या जॅकेटची चेन दुसऱ्याच दिवशी गेली, पहलगामला, मायनसमध्ये, सेफ्टी पिना लावून पोराला फिरवलं. आणि मोजे. मोज्यांबद्दल शेवटी सांगते.

परत आल्यावर जानेवारीत ते जॅकेट घेऊन गेले. बिल नव्हतं, कारण बिल ते देतच नाहीत, वहीच्या कागदावर आकडे लिहून देतात आणि तो कागद मी कुठेतरी टाकलेला. (बिल द्यायला हवं, हे मी त्यांना सांगितलं.) बाईंनी जॅकेट बघितलं, कागद मागितला नाही, बदलून द्यायला तो साइज संपलेला, तर उठल्या, स्टॉल त्या बीकॉमवाल्या मुलाच्या हवाली केला आणि माझ्याबरोबर कोपऱ्यावरच्या चेनवाल्याकडे आल्या. चेनवाल्याने ऐंशी सांगितले. इथे बाईंनी घासाघीस केली! भाव फिक्सवाल्या बाईंनी! साठला आणलं आणि स्वतः दिले. चेन अजून चालू आहे.

तिथे चेनवाल्याच्या स्टुलावर बसून आरसीचा विषय निघाला, म्हणजे त्यांना घरमालकाला आरसीची झेरॉक्स द्यायची होती. माझ्या नवऱ्याला आधी गाडीची आरसी वाटली. ही माणसाची आरसी, रजिस्ट्रेशन सर्टिफिकेट, मुदत संपली की नवी करायची, सरकारी कागदावर या बाई परदेशी. जन्म महाराष्ट्रात, बोली झाडीपट्टीची, शेती गोंदियात, आणि परदेशी. खरं तर २६ जानेवारी १९५० ते १ जुलै १९८७ च्या आधी भारतात जन्मलेला माणूस कायद्याने जन्मानेच नागरिक असतो, तिबेटीही त्यात येतात हे दिल्ली हायकोर्टाने २०१० मध्ये एका तिबेटी मुलीच्या पासपोर्टच्या केसमध्ये सांगितलंय. मग नागरिकत्व का नाही घेत, मी भोचकपणे विचारलंच. त्यांच्या भावाने घेतलं. त्यांनी नाही. आई होती तोवर तिला आवडलं नसतं म्हणून नाही, आणि आई गेल्यावर, "आता काय सांगू तुमाले, राहून गेलं." एवढंच म्हणाल्या आणि चेनवाल्याला म्हणाल्या, टाका मजबूत घाल रे. मीही पुढे विचारलं नाही, एखादवेळी माझंही तोंड बंद राहतं.

त्यांच्या बाजूचा एक स्टॉल यंदा लागलाच नाही, ती बाई मुलीकडे टोरंटोला गेली. बीकॉमवाला मुलगाही म्हणतो मी हा धंदा करणार नाही, बंगळुरूला नोकरी बघणार, नाहीतर बाहेर. त्याचं काही चुकतंय असं मला वाटत नाही, तीन महिने भाड्याच्या खोलीत सहा जण आणि दिवसभर लोकांनी उलटेपालटे केलेले स्वेटर घड्या घालायचे, माझ्या लेकाने हे करावं असं मला वाटेल का? पण मग पुढच्या वर्षी किती स्टॉल असतील कोण जाणे, जायचं तर आत्ता जा.

शेवटच्या खेपेला बाई आवराआवर करत होत्या, लोसार जवळ आलेला, त्यांचं नवीन वर्ष, फेब्रुवारी-मार्चमध्ये येतं. त्याच्या आधीच्या एका रात्री घरी नऊ जिन्नसांचं सूप करतात, त्यात कणकेचे गोळे, प्रत्येक गोळ्यात काहीतरी लपवलेलं. मिरची निघाली तर तो माणूस बडबड्या, कोळसा निघाला तर मनाचा काळा, लोकर निघाली तर मऊ मनाचा. मी विचारलं तुम्हाला काय निघतं. म्हणाल्या दरवर्षी मिरची. सासूबाईंनी मान डोलावली आणि माझ्याकडे बघितलं.

तर, कामाचं. माल ठीक ते चांगला, भाव मॉलच्या निम्म्याच्या आसपास, बाईंचा प्रामाणिकपणा पैकीच्या पैकी. पाचपैकी चार देते, एक कापला बिल, बोर्ड आणि पार्किंग मिळून. ऑक्टोबरच्या शेवटी लागतो, पण दिवाळीच्या गर्दीत जाऊ नका, नोव्हेंबरमध्ये मधल्या वारी दुपारी जा, साइज सगळे मिळतात, जानेवारीत उरलासुरला माल असतो. यूपीआय चालतं, हॉलच्या आत रेंज येत नाही म्हणून पैसे पाठवायला दारात जाऊन उभं राहावं लागतं आणि कोणी तुमच्यावर संशय घेत नाही. चेन घेतानाच चारदा वरखाली करून बघा. थर्मल घ्या, टोप्या घ्या, लोकरीचा एखादा स्वेटर परवडत असेल तर तोही घ्या आणि माचीस लावून दाखवायला सांगा. मोजे घेऊ नका, पहिल्या धुण्यात माझ्या लेकाचे बाहुलीचे झाले.